झरीना यांची रेघ

लाकडी ठोकळ्यातून कागदावर रेघ उमटवायची असेल, तर दोन वाटा असतात. पातळ पात्यानं रेघच कोरली, तर ती कागदावर पांढरी उमटते, कारण शाई उंचवट्याला लागते आणि खोदलेला भाग कोरा राहतो. काळी रेघ हवी असेल, तर रेघेला हात लावायचा नाही. तिच्या दोन्ही बाजूंचं सगळं लाकूड खरवडून काढायचं. अलीगढला जन्मलेल्या आणि पुढे न्यूयॉर्कमध्ये राहिलेल्या छापचित्रकार झरीना हाश्मी यांनी २००१ मध्ये ‘डिव्हायडिंग लाइन’ हे छापचित्र केलं, ते या दुसऱ्या वाटेनं. कागदावर दिसते भारत आणि पाकिस्तान यांच्यातली सीमा, वरून खाली वाकत-वळत उतरलेली एक काळी रेघ. गावांची नावं नाहीत, नद्या नाहीत, दिशा दाखवणारा बाण नाही. रेघ उरावी म्हणून तिच्या आजूबाजूचा सगळा मुलूख हातानं उकरून टाकावा लागला आहे.

ही सीमा आखायला नेमलेले ब्रिटिश वकील सिरिल रॅडक्लिफ ८ जुलै १९४७ रोजी आयुष्यात पहिल्यांदा भारतात आले. त्यांच्या हाती जेमतेम पाच आठवडे होते. त्यांनी आखलेली सीमा जाहीर झाली १७ ऑगस्टला, म्हणजे दोन्ही देश स्वतंत्र होऊन गेल्यावर. एक कोटीहून जास्त माणसं त्या रेघेमुळे घराबाहेर पडली. झरीना यांनी तीच रेघ पुन्हा काढली, पण ती काढण्यासाठी काय काय नाहीसं करावं लागतं, ते त्यांच्या कामाच्या पद्धतीतच आहे. हे चित्र मी फाळणीवरचं एक शोकगीत म्हणून पाहत नाही. मला ते साक्ष वाटतं. माझं सगळं म्हणणं या फरकाभोवती आहे.

परदेशात राहणाऱ्या कलावंताबद्दल लिहायची आपली एक ठरलेली पद्धत आहे. तो किंवा ती साता समुद्रापार गेली, तरी मातीशी नाळ तुटली नाही. लहानपणच्या आठवणी तिच्या कामात दरवळतात. मायभूमीची ओढ तिला स्वस्थ बसू देत नाही. असं लिहिलं की आपल्यालाही बरं वाटतं, कारण त्या ओढीत आपली स्तुती असते. दूर गेलेलं माणूस आपल्यासाठी झुरतं आहे, म्हणजे आपण झुरण्याच्या लायकीचे आहोत. या वाचनात एक प्रश्न विचारायचा राहून जातो. इतकी ओढ होती, तर ती परत का आली नाही? परत येण्यासारखं घर होतं का? नव्हतं, तर ते कुणी मोडलं? स्थलांतरित कलावंताची आठवण हळवी ठरवली की या प्रश्नांतून आपली सुटका होते. ती पुरावा आहे असं मानलं, तर मात्र उत्तर द्यावं लागतं, आणि ते त्या कलावंतानं द्यायचं नसतं, आपण द्यायचं असतं.

झरीना यांचा जन्म १९३७ मध्ये अलीगढला झाला. वडील शेख अब्दुर रशीद अलीगढ मुस्लिम विद्यापीठात इतिहासाचे प्राध्यापक. झरीना यांनी त्याच विद्यापीठातून १९५८ मध्ये गणिताची पदवी घेतली. कलाशाळेत जाऊन रीतसर शिक्षण घेतलेलं नाही, आणि ही गोष्ट त्यांची चित्रं पाहताना सतत जाणवते. लग्न परराष्ट्र सेवेतल्या अधिकाऱ्याशी झालं आणि बदल्यांचं आयुष्य सुरू झालं. पहिला मुक्काम बँकॉक, तिथे लाकडी ठोकळ्यांवरच्या छपाईशी ओळख झाली. पुढे पॅरिसमध्ये स्टॅन्ली विल्यम हेटर यांच्या ‘अटेलिए १७’ या प्रसिद्ध छापशाळेत काम, १९७४ मध्ये तोक्योत जपानी पद्धतीच्या काष्ठमुद्रणाचा अभ्यास, आणि १९७० च्या दशकाच्या मध्यावर अमेरिका. त्यानंतरची चार दशकं बहुतेक न्यूयॉर्कमध्ये गेली. मधल्या काळात, १९५९ मध्ये, आईवडील अलीगढ सोडून कराचीला गेले. म्हणजे फाळणी झाली तेव्हा हे कुटुंब भारतातच होतं, आणि फाळणीनं त्यांना गाठलं बारा वर्षांनी. मुलगी भारतीय राजनैतिक अधिकाऱ्याची पत्नी म्हणून परदेशात, आईवडील पाकिस्तानात, आणि ज्या घराला ती घर म्हणत होती ते अलीगढमध्ये, ज्यात आता आपलं म्हणावं असं कुणी नाही. फाळणी एका रात्रीत, रक्तानं माखलेल्या आगगाडीतून होते, असं चित्र आपल्या मनात पक्कं बसलेलं आहे. ती अशी सावकाश, नोकरी आणि निवृत्तीच्या वेळापत्रकानुसारही झाली. दुसऱ्या प्रकारच्या फाळणीचे साक्षीदार कमी, कारण तिच्यात छायाचित्र काढण्यासारखं काही नव्हतं.

या अलीगढच्या घराकडे झरीना पुन्हा पुन्हा वळल्या, पण कशा? एखाद्यानं गुलमोहर काढला असता, अंगणातली खाट काढली असती, खिडकीत बसलेली आई काढली असती. झरीना यांनी घराचा आराखडा काढला. १९९४ चं ‘फादर्स हाउस’ हे चित्र म्हणजे वरून पाहिल्यावर घर दिसेल तसा भिंतींचा नकाशा, खोल्यांवर उर्दूत लिहिलेलं. १९९७ च्या ‘होम्स आय मेड / अ लाइफ इन नाइन लाइन्स’ या संचात बँकॉकपासून न्यूयॉर्कपर्यंत जिथे जिथे संसार मांडला, त्या नऊ घरांचे आराखडे आहेत. घरात कोण हसलं, कोण रडलं, कुठला वास येत होता, काहीच नाही. भिंत इथे होती, दार इथे होतं, एवढंच.

गणित शिकलेल्या बाईचा हा कोरडेपणा नाही. घर गेलेल्या माणसाला पुढे कधीतरी कुणीतरी विचारतं की तुझं घर होतं, हे कशावरून? आपल्याकडे हा प्रश्न ज्यांना प्रत्यक्ष विचारला गेला, ती माणसं उल्हासनगरला राहतात, चेंबूर कॅम्पात राहतात, पिंपरी कॅम्पात राहतात. सिंधमधून आलेल्या निर्वासितांना कल्याणजवळच्या लष्करी छावणीच्या बराकींत ठेवलं, आणि त्या छावणीचं १९४९ मध्ये उल्हासनगर झालं. तिकडे सोडून आलेल्या मालमत्तेचे ‘क्लेम’ भरायचे होते. १९५० मध्ये त्यासाठी कायदाच झाला. घर कुठे होतं, केवढं होतं, त्याची किंमत काय, हे ज्याला कागदावर मांडता आलं त्याचा दावा उभा राहिला. एका पिढीला आपलं घर आठवणीतून मोजून सांगावं लागलं, आणि सांगताना गळा दाटून आला तरी त्याची नोंद होत नव्हती, चौरस फुटांची होत होती. झरीना यांचे आराखडे मी या क्लेमच्या कागदांशेजारी ठेवून वाचतो. आईवडील अलीगढहून कराचीला गेले, उल्हासनगरची माणसं सिंधमधल्या कराची, हैदराबाद, शिकारपूरहून इकडे आली. प्रवास उलट दिशेचे, पण कागदावर मांडायची गोष्ट तीच. म्हणूनच, ‘फाळणी हा उत्तरेचा विषय, महाराष्ट्राला तिची झळ लागली नाही’, हे वाक्य मला मान्य नाही. लोकलनं कल्याणच्या पुढे गेलं की ती झळ सोसलेलं आख्खं शहर लागतं. आपण त्याच्याकडे बाजारपेठ म्हणून पाहतो.

आणि सोडून दिलेल्या घरांचा हिशेब आजही संपलेला नाही. १९६५ च्या युद्धानंतर १९६८ मध्ये शत्रू मालमत्ता कायदा झाला. पाकिस्तानचं नागरिकत्व घेतलेल्यांची इथली घरंदारं त्याखाली सरकारनं नेमलेल्या अभिरक्षकाच्या ताब्यात गेली. त्या अभिरक्षकाचं कार्यालय वर्षानुवर्षं आपल्या मुंबईत, बॅलार्ड इस्टेटमधल्या कैसर-इ-हिंद इमारतीत होतं. २००५ मध्ये उत्तर प्रदेशातल्या महमूदाबादच्या राजांच्या अशाच ताब्यात गेलेल्या मालमत्तेबद्दल त्यांच्या वारसाच्या बाजूनं सर्वोच्च न्यायालयाचा निकाल लागला. वारस भारतीय नागरिक होता, पाकिस्तानचं नागरिकत्व घेतलं होतं वडिलांनी. २०१७ मध्ये संसदेनं कायदा बदलला आणि वारस भारतीय असला तरी अशी मालमत्ता त्याला मिळणार नाही हे नक्की केलं. झरीना यांच्या अलीगढच्या घराचा या कायद्याशी संबंध होता, असं मला सुचवायचं नाही. मला एवढंच दाखवायचं आहे की ‘माझ्या वडिलांचं घर’ हे शब्द त्यांच्या पिढीतल्या आणि त्यांच्यासारख्या कुटुंबातल्या माणसानं उच्चारले, की ते नुसते घरगुती राहत नाहीत. त्यांच्यामागे राज्यसंस्था येऊन उभी राहते.

२००४ चा ‘लेटर्स फ्रॉम होम’ हा संच मला त्यांच्या सगळ्या कामात सर्वांत अवघड वाटतो. धाकटीची पाठराखीण असलेली थोरली बहीण राणी पाकिस्तानात होती. तिनं झरीना यांना उर्दूत पत्रं लिहिली आणि टाकली नाहीत. आईवडिलांचे मृत्यू, घर विकलं जाणं, मुलं दूर जाणं, असं सगळं त्यांत होतं. दोघी भेटल्या तेव्हा तिनं ती हातात ठेवली. झरीना यांनी त्या पत्रांचे ठसे करून घेतले आणि हस्ताक्षरावर घरांचे आराखडे, शहरांचे नकाशे छापले. काही ठिकाणी आराखड्याखाली अक्षर दबून जातं. पत्र आहे, पण पुरतं वाचता येत नाही. ज्याला उर्दू लिपी येते, त्यालाही नाही.

इथे हळव्या वाचनाचा मोह सर्वांत जास्त आहे, आणि इथेच ते सर्वांत तोकडं पडतं. पत्र का टाकलं नाही, याचं उत्तर दोन बहिणींच्या स्वभावात असेल, दूरदेशी एकट्या राहणाऱ्या बहिणीला दुःख कळवू नये या मायेत असेल. पण दोन सख्ख्या बहिणींना आईच्या अंत्यविधीला एकत्र उभं राहणं ही व्हिसाची बाब व्हावी, हे कुणाच्या स्वभावात नव्हतं. ते ठरवलं गेलं, आणि अजून ठरवलं जात आहे. भारतीय कुटुंबांतल्या हजारो भावाबहिणींची पत्रं १९६५ नंतर, १९७१ नंतर अशीच अडली. झरीना यांनी खासगी पत्र सार्वजनिक केलं आणि तरी त्यातला मजकूर झाकला. बहिणीचं दुःख प्रेक्षकाच्या हाती चघळायला दिलं नाही, त्याला फक्त त्याचा आकार दाखवला. आठवणींवर काम करणाऱ्या कलावंतांत हा संयम फार थोड्यांकडे असतो. बहुतेकांना आपली जखम उघडी करून दाखवल्याशिवाय ती खरी वाटत नाही.

आठवण फक्त स्वतःपुरती असती, तर मी हा लेख लिहिला नसता. २००३ मध्ये त्यांनी उद्ध्वस्त झालेल्या नऊ शहरांचे नकाशे छापले. ग्रोझनी, सारायेवो, स्रेब्रेनिका, बैरूत, जेनिन, बगदाद, काबूल. उरलेली दोन शहरं आहेत अहमदाबाद आणि न्यूयॉर्क. न्यूयॉर्कच्या चित्रात काळ्या पार्श्वभूमीवर फक्त दोन उभ्या पांढऱ्या रेघा आहेत, २००१ मध्ये कोसळलेल्या जुळ्या मनोऱ्यांच्या. जिथे त्या राहत होत्या, ज्या शहरानं त्यांना आसरा दिला, त्याचं दुःख त्यांनी त्यात धरलं. आणि जन्मभूमीतल्या ज्या शहरात २००२ मध्ये माणसं मारली गेली, घरं जाळली गेली, तेही धरलं. अहमदाबाद स्रेब्रेनिकाच्या पंक्तीला बसवलेलं पाहून आपल्यापैकी पुष्कळांना राग येईल. बाहेर राहून देशाची बदनामी करतात, हे वाक्य ओठांवर येईल. पण हेच ते नातं आहे ज्याची आपण एरवी स्तुती करतो. देश सोडल्यावर चार दशकांनीही त्याच्या एका शहरातली आग ज्या माणसाला स्वतःच्या घराची वाटते, त्याचं देशाशी नातं आहे. दिवाळीला ढोकळा आणि गणपतीला मोदक केले म्हणजे नातं, आणि दंगलीबद्दल बोललं म्हणजे बदनामी, अशी वाटणी आपल्याला करता येणार नाही.

न्यूयॉर्कनंही त्यांना काही आयतं दिलं नाही. १९८० मध्ये तिथल्या ‘ए.आय.आर.’ या स्त्रियांच्या सहकारी कलादालनात ‘डायलेक्टिक्स ऑफ आयसोलेशन’ नावाचं प्रदर्शन भरलं. ते मांडणाऱ्या तिघी होत्या: क्युबातून लहान वयात अमेरिकेत पाठवली गेलेली आना मेन्दिएता, जपानहून आलेली काझुको मियामोतो आणि झरीना. अमेरिकेतल्या तिसऱ्या जगातल्या स्त्री-कलावंतांचं ते प्रदर्शन. गोऱ्या मध्यमवर्गीय स्त्रियांची चळवळ सर्व स्त्रियांच्या वतीनं बोलते आणि काळ्या-सावळ्या बायकांना विसरते, ही त्यामागची तक्रार. म्हणजे ज्या गटानं जवळ केलं, त्याच्या आतही परकेपण होतंच, आणि झरीना यांनी ते मुकाट्यानं गिळलं नाही. मोठं सिंहावलोकनी प्रदर्शन लॉस एंजेलिसच्या हॅमर संग्रहालयात झालं २०१२ मध्ये, पुढच्या वर्षी ते न्यूयॉर्कच्या गुगनहाइममध्ये आलं. तोवर त्यांचं वय पंचाहत्तर झालं होतं.

आता भारताकडे येऊ. व्हेनिसची द्वैवार्षिकी, म्हणजे दर दोन वर्षांनी होणारं जागतिक कलाप्रदर्शन, १८९५ पासून भरते. तिथे देशोदेशींची स्वतंत्र दालनं असतात. भारताचं पहिलं अधिकृत राष्ट्रीय दालन उभं राहिलं २०११ मध्ये. त्याची मांडणी मुंबईचे कवी आणि कला-अभ्यासक रणजित होस्कोटे यांनी केली. त्यांनी निवडलेल्या कलावंतांत दिल्लीत काम करणारे जिजी स्कारिया होते, गुवाहाटीचा ‘डिझायर मशीन कलेक्टिव्ह’ होता, ॲमस्टरडॅम आणि कोलकाता अशा दोन ठिकाणी राहणारे प्रणीत सोई होते आणि न्यूयॉर्कच्या झरीना होत्या. देशाचं पहिलं दालन आणि त्यात अशी व्यक्ती, जिचे आईवडील पाकिस्तानात गेले, जिनं निम्म्याहून अधिक आयुष्य अमेरिकेत काढलं. भारत म्हणजे फक्त सीमेच्या आतला भूभाग नाही, ही भूमिका त्या निवडीत स्पष्ट होती. गेल्या काही दशकांत आपल्या सार्वजनिक कलाजीवनात घेतल्या गेलेल्या सर्वांत सुजाण निर्णयांत मी तिची गणना करतो.

ती द्वैवार्षिकी ४ जून २०११ रोजी लोकांसाठी उघडली. ९ जूनला लंडनमध्ये मकबूल फिदा हुसेन गेले. पंढरपूरला जन्मलेला हा चित्रकार मुंबईत सिनेमाचे फलक रंगवत मोठा झाला. १९९८ मध्ये त्यांच्या मुंबईतल्या घरावर हल्ला झाला. त्यांच्या चित्रांवरून देशभर खटले गुदरले गेले, आणि २००६ पासून ते देशाबाहेर राहिले. दिल्ली उच्च न्यायालयानं मे २००८ मध्ये त्यांच्याविरुद्धच्या तक्रारी रद्द केल्या, तरी घरी सुरक्षित राहता येईल अशी हमी कुणी दिली नाही. २०१० मध्ये, वयाच्या चौऱ्याण्णवाव्या वर्षी, त्यांनी कतारचं नागरिकत्व घेतलं आणि भारताचा पासपोर्ट परत केला, कारण आपला कायदा दोन नागरिकत्वं मानत नाही. लंडनजवळच्या ब्रुकवुडच्या दफनभूमीत त्यांना मूठमाती मिळाली.

एकाच आठवड्यात एक भारत न्यूयॉर्कच्या झरीनाबाईंना आपली म्हणून जगासमोर ठेवत होता, आणि दुसरा पंढरपूरच्या हुसेनना परका करून बसला होता. भारतात आपलेपणा ठरवायच्या दोन रीती नांदतात, हे इतक्या लख्खपणे क्वचित दिसलं असेल. एक रीत कामाकडे पाहते. या माणसाच्या कामात आपला काळ, आपली जखम, आपली भाषा आहे का? दुसरी रीत नाव, घराणं, आज्ञाधारकपणा पाहते. महाराष्ट्रानं हुसेन यांच्या बाबतीत दुसऱ्या रीतीपुढे मान तुकवली, याची मला लाज वाटते. वारकऱ्यांच्या गावच्या माणसाला आपण साता समुद्रापार मरू दिलं, आणि मग ‘मूळचे पंढरपूरचे’ असं मृत्युलेखात लिहिलं.

पहिल्या रीतीचंही पुढे फार काही झालं नाही. २०११ नंतर भारताचं अधिकृत दालन व्हेनिसला पुन्हा दिसलं ते थेट २०१९ मध्ये. मधल्या द्वैवार्षिकींत जागाच नव्हती. एका सुजाण माणसानं एकदा उघडलेलं दार सरकारी यंत्रणेनं नुसत्या अनास्थेनं लोटून घेतलं.

यावर एक आक्षेप येतो, आणि तो मी हलका मानत नाही. राजनैतिक अधिकाऱ्याची पत्नी, पॅरिस-तोक्यो-न्यूयॉर्क, नामांकित संग्रहालयं, हे निर्वासिताचं आयुष्य म्हणायचं का? इथेच राहून, गावातल्या शाळेत चित्रकला शिकवत, कुणी विचारत नसताना काम करणाऱ्यांचं काय? बाहेर नाव झाल्यावरच आपण टाळ्या पिटतो, ही तक्रार तर शंभर टक्के खरी आहे. अकोल्याचे अंबादास खोब्रागडे घ्या. जन्म १९२२, सर जे. जे. कलाशाळेचे विद्यार्थी, १९६३ मध्ये एकमेव प्रदर्शन भरवून गेलेल्या ‘ग्रुप १८९०’ या कलावंतांच्या गटाचे संस्थापक सदस्य. १९७२ मध्ये नॉर्वेला गेले आणि २०१२ मध्ये ऑस्लोत वारले. अमूर्त चित्रकलेत रंगाच्या प्रवाहाला त्यांनी जे दिलं, ते भारतीय चित्रकलेत दुसऱ्या कुणाचं नाही. मराठी घरांत त्यांचं नाव किती ठाऊक आहे? लिलावातले आकडे फुगले नाहीत, मोठी वादळं उठली नाहीत, म्हणून ते आपल्या आठवणीतून निसटले. तेही स्थलांतरितच होते.

पण या आक्षेपातून निघणारा निष्कर्ष मला उलटा दिसतो. बाजारभावावर आपलेपणा ठरवू नये, हे मान्य असेल, तर झरीना श्रीमंतांच्या जगात वावरल्या म्हणून त्यांची साक्ष रद्द होत नाही, आणि अंबादास गाजले नाहीत म्हणून त्यांची चित्रं कमी होत नाहीत. सोयीस्कर आयुष्य असूनही घर गमावता येतं. विमानानं गेलेल्यालाही परतीचं दार बंद मिळू शकतं. साक्षीदाराचा पगार किती होता, यावर साक्ष खरी की खोटी ते ठरत नाही.

दुसरा आक्षेप कायद्याचा. राष्ट्र म्हटलं की सीमा आली, सीमा आली की आतला कोण आणि बाहेरचा कोण हे ठरवावं लागतं, भावनेवर पारपत्रं वाटता येत नाहीत. बरोबर आहे. पण कायदा काय ठरवतो ते तरी नीट पाहू. न्यू जर्सीत, कॅलिफोर्नियात, लंडनमध्ये स्थायिक झालेल्या मराठी घरांत आज ओसीआय, म्हणजे भारतीय वंशाच्या परदेशी नागरिकांना मिळणारं, कार्ड असतं. आजन्म व्हिसा, येण्याजाण्याची मुभा, मुलांना आजोळ पाहता येतं. नागरिकत्व कायद्यातल्या २०१५ च्या दुरुस्तीनुसार ज्याचे आईवडील, आजी-आजोबा किंवा पणजी-पणजोबा यांपैकी कुणीही एकेकाळी पाकिस्तानचं वा बांगलादेशचं नागरिक होतं, त्याला हे कार्ड मिळू शकत नाही. पणजोबांपर्यंत! अलीगढ, लखनऊ, भोपाळ, मुंबई इथून एखादं म्हातारं जोडपं मुलांपाठोपाठ कराचीला गेलं, तर अमेरिकेत जन्मलेली त्यांची पणती या देशाशी कायमचं नातं सांगू शकत नाही, मग तिची बाकीची सगळी भावकी पिढ्यान्‌पिढ्या भारतात का असेना. माणूस धोकादायक आहे का, हे तपासायला सरकारकडे मार्ग आहेत आणि ते वापरलेच पाहिजेत. पण इथे माणूस तपासलाच जात नाही, त्याचा वंशवेल तपासला जातो. ज्या रेघेनं त्या पणजोबांना तिकडे ढकललं, तीच रेघ चौथ्या पिढीवर पुन्हा ओढली जाते. हे कलम रद्द व्हायला हवं, असं माझं स्पष्ट मत आहे. कलाप्रदर्शनांच्या उद्‌घाटनाला ‘आपल्या लोकांबद्दल’ बोलणाऱ्या मंत्र्यांनी आणि परदेशस्थ मराठी मंडळांच्या अधिवेशनांनी त्याबद्दल बोलायला हवं. मंडळांच्या सभासदांना या कलमाची झळ बसत नाही, म्हणून तर त्यांच्या बोलण्याला वजन येईल.

संग्रहालयांबद्दल एक गोष्ट. मोठ्या कलावंताचं काम सार्वजनिक संग्रहात आणायचं म्हटलं की पैसा नाही, हे उत्तर तयार असतं. तैलचित्र एकच असतं, त्यामुळे ते उत्तर कधी खरंही असेल. झरीना यांनी निवडलेलं माध्यम मात्र छापचित्राचं आहे, आणि छापचित्राच्या मर्यादित का होईना पण अनेक प्रती निघतात. १९९९ चा ‘होम इज अ फॉरिन प्लेस’ हा छत्तीस काष्ठचित्रांचा संच, ज्यात उंबरा, दार, अंगण, दुपार, अंतर, सीमा अशा उर्दू शब्दांना एकेक भौमितिक आकार दिला आहे, अमेरिकेतल्या मोठ्या संग्रहालयांनी जतन केला आहे. मुंबईत राष्ट्रीय आधुनिक कला संग्रहालयाची शाखा आहे, जे. जे. मध्ये मुद्राचित्रणाचा विभाग आहे. तिथल्या विद्यार्थ्याला हे संच कायम पाहायला मिळावेत. हाताशी आराखडा, शाई आणि एक ठोकळा असला की केवढ्या गोष्टीची नोंद करता येते, हे त्याला पुस्तकातल्या बोटभर छायाचित्रावरून कळणार नाही. कागदाचा पोत, उकरलेल्या लाकडाच्या खुणा डोळ्यांनी पाहाव्या लागतात.

झरीना २५ एप्रिल २०२० रोजी लंडनमध्ये गेल्या, जग टाळेबंदीत असताना. त्यामुळे त्यांच्या जाण्याची आपल्याकडे म्हणावी तशी दखल घेतली गेली नाही. ती आता घ्यायची असेल, तर प्रदर्शन दक्षिण मुंबईच्या वातानुकूलित दालनात थांबू नये. ते उल्हासनगरला न्यावं. शाळेच्या एखाद्या सभागृहात ‘फादर्स हाउस’ लावावं, ‘लेटर्स फ्रॉम होम’ लावावं, आणि शेजारच्या भिंतीवर तिथल्या कुटुंबांनी आपापल्या ट्रंकेतून काढलेले क्लेमचे कागद, शिकारपूरच्या घरांचे हातानं काढलेले नकाशे, सिंधीतली पत्रं लावावीत. नव्वदीच्या घरातली जी माणसं तिकडची घरं प्रत्यक्ष पाहून आली आहेत, त्यांना तिथे बोलतं करावं आणि ते ध्वनिमुद्रित करून ठेवावं. या माणसांची संख्या दर महिन्याला कमी होते आहे, त्यामुळे हे काम पुढच्या पंचवार्षिक आराखड्यात घालून चालणार नाही. राज्याचं सांस्कृतिक कार्य खातं, मुंबईतली एक-दोन संग्रहालयं आणि उल्हासनगरमधल्या शिक्षणसंस्था एकत्र आल्या, तर ते याच वर्षी होऊ शकतं.